ईराच्या मालिकेबद्दल, आणि तुसिताबद्दल

पुणे

चि. निखिल,
अनेक उत्तम आशीर्वाद.

काल फोनवर तू घाईत होतास आणि ईराला टीव्ही मालिकेत काम मिळतंय या आनंदात मुग्धाला धड वाक्य पुरं करता येत नव्हतं. त्या आनंदात मला विरजण घालायचं नव्हतं, म्हणून मी नुसतं ऐकून घेतलं. पण रात्रभर डोक्यात तेच होतं, तेव्हा आता सविस्तर लिहिते. मुग्धालाही वाचून दाखव. तिच्यापासून लपवून ठेवण्यासारखं यात काही नाही.

माझं मत आधी सांगते आणि मग त्याची कारणं. ईराने मालिकेत जाऊ नये. एखादा चित्रपट आला, थोड्या दिवसांचा, शाळेच्या सुट्टीत उरकणारा, तर माझी ना नाही. उलट मी स्वतः येऊन सेटवर दिवसभर बसेन. पण रोज संध्याकाळी लागणारी मालिका, ‘टीआरपी आहे तोवर चालेल’ असं तूच म्हणालास ती, तिच्यात पाच वर्षंही पुरी न झालेली पोर नको.

ईराने ती जाहिरात केली त्या वेळी मी होतेच तिथे. तो दुधाचा पेला आठव. तिने पेला तोंडाला लावायचा, डोळे मोठे करायचे, हसायचं, आणि ‘कट’ म्हटलं की घोट बाजूच्या बादलीत थुंकायचा. इतकं दूध पोटात कसं जाणार, तेव्हा त्यात त्या लोकांची चूक काही नाही, आणि माणसं प्रेमळ होती. पण दुसऱ्या दिवशी सकाळी घरी मी तिला दूध दिलं तर पहिला घोट घेऊन ती माझ्याकडे बघत थांबली आणि म्हणाली, “आजी, आता थुंकू?” मी तिला जवळ घेतलं आणि “गीळ गं राणी” म्हटलं. ती लगेच खेळायला पळालीही. मला मात्र तेव्हापासून एक मुलगी सारखी आठवतेय, आणि तिच्यासाठी तुला मेक्सिकोला न्यावं लागणार आहे. तुला ते नवीन नाही. तू इकडे गणितं सोडवायचास तेव्हा पलीकडच्या खोलीत माझे विद्यार्थी पेद्रो इन्फान्ते या मेक्सिकन गायक-नटाची गाणी ऐकत स्पॅनिश क्रियापदं घोकायचे.

त्या मुलीचं नाव मारिया एउहेनिया यामास. मेक्सिकोत हे नाव घेतलंस तर पुष्कळांना पटकन लक्षात येणार नाही. ‘ला तुसिता’ म्हटलंस की मात्र म्हाताऱ्यांपासून त्यांच्या नातवंडांपर्यंत सगळे हसतील. १९४४ च्या फेब्रुवारीत मेक्सिको सिटीत तिचा जन्म झाला आणि १९४८ साली, म्हणजे चारेक वर्षांची असताना, ती ‘लोस त्रेस उआस्तेकोस’ या चित्रपटात पहिल्यांदा पडद्यावर आली. दिग्दर्शक होता इस्माएल रोद्रिगेस. नायक पेद्रो इन्फान्ते, तोही एक नाही, तीन. उआस्तेका हा मेक्सिकोच्या आखाताकडचा मोठा प्रदेश, अनेक राज्यांत पसरलेला. आईविना राहिलेले तिळे भाऊ त्यातल्या तीन वेगवेगळ्या भागांत वाढतात, एक तामाउलिपासमध्ये, एक सान लुईस पोतोसीत, एक वेराक्रूसमध्ये. एक पाद्री होतो, एक सैन्यात कॅप्टन होतो आणि तिसरा, लोरेन्सो, देवाधर्माला न मानणारा रांगडा गडी. त्या मुलखात एका लुटारूने धुमाकूळ घातलेला असतो आणि कॅप्टनला संशय येतो की तो आपला भाऊच. या लोरेन्सोची बिनआईची पोर म्हणजे तुसिता.

बिनआईची पोर म्हटल्यावर तुझ्या डोळ्यांसमोर काय येतं? खिडकीत बसून रडणारी, फोटोकडे बघणारी मुलगी. तुसिता तशी नाही. बापाच्या रांगड्या घरात वाढलेली ही चिमुरडी पिस्तुलांशी खेळते, साप आणि कोळी यांना भीत नाही, मोठ्यांना उलट उत्तरं देते. बोबडं बोलते आणि तिचं ते बोबडं बोलणं तसंच ठेवलंय, कुणी घासूनपुसून सरळ केलेलं नाही. मी हा चित्रपट वर्गात अनेकदा दाखवला. मुलं इन्फान्तेच्या गाण्यांसाठी बसायची आणि उठताना तुसिताबद्दल बोलत उठायची.

मला तिच्यात सगळ्यात काय आवडतं सांगू? ती कुणावर छाप पाडायला बघत नाही. समोर कोण उभा आहे याचा विचार कर. १९४८ चा पेद्रो इन्फान्ते! मासात्लानला जन्मलेला, सुतारकाम करून पोट भरलेला, गाण्याच्या जोरावर देशाचा लाडका झालेला माणूस. त्याच्यासमोर मोठमोठ्या नट्या जपून उभ्या राहत असतील. ही पोर त्याच्याकडे घरातल्या माणसाकडे बघावं तशी बघते. चार वर्षांच्या मुलीला शिकवून हे येत नाही. तिला तिथे सुरक्षित वाटत असलं पाहिजे, एवढंच त्यावरून मी समजते.

आता एक तांत्रिक गोष्ट, कारण तुला अशा गोष्टींची आवड आहे. एकच नट पडद्यावर दोनदा-तीनदा दिसायचा तर त्या काळी भिंगाचा एक भाग झाकून फिल्मवर अर्धं चित्र घ्यायचे, तीच फिल्म मागे गुंडाळून उरलेल्या भागात दुसरं. नाहीतर पाठमोरा दुसरा माणूस उभा करायचे. कॅमेरा तसूभर हलून चालायचं नाही. नटाने समोर कुणी नसताना, असल्यासारखं बोलायचं. मोठ्या माणसांनासुद्धा याने घाम फुटतो. मला नेहमी वाटतं, त्या छोट्या मुलीला हा केवढा मोठा खेळ वाटला असेल. तोच माणूस सकाळी झग्यात, दुपारी गणवेशात आणि मग पुन्हा ‘बाबा’.

या रोद्रिगेस मंडळींबद्दल थोडं सांगते. इस्माएल, रोबेर्तो आणि होसे, हे तिघं भाऊ. मेक्सिकोच्या बोलपटाची सुरुवातच या घराशी बांधलेली आहे. लॉस एंजेलिसमध्ये असताना यातल्या रोबेर्तो आणि होसेने फिल्मवरच आवाज नोंदवणारं सुटसुटीत यंत्र तयार केलं आणि ‘सान्ता’ हा १९३२ साली लागलेला बोलपट त्या यंत्रावर झाला. इस्माएल त्यांच्यातला धाकटा, १९१७ चा, म्हणजे इन्फान्तेच्याच वयाचा. तुसिताचा पहिला चित्रपट इस्माएलने केला. नंतरचे ‘दीसेन के सोय मुहेरिएगो’ आणि ‘एल सेमिनारिस्ता’, दोन्ही १९४९ चे, रोबेर्तोने. दोन्हींत नायक पुन्हा इन्फान्ते. १९५० च्या ‘लास दोस उएर्फानितास’चा दिग्दर्शकही रोबेर्तोच. म्हणजे तीच माणसं, तेच घर, तोच नट. मुलीला दर वेळी नव्या अनोळखी गर्दीत ढकललेलं नाही.

आणि हे सगळं किती लवकर उरकायचं! महायुद्धाच्या काळात मेक्सिकोला अमेरिकेकडून कच्ची फिल्म मिळत राहिली, हॉलिवूड युद्धपटांत गुंतलं होतं, त्यामुळे स्पॅनिश बोलणाऱ्या सगळ्या देशांची बाजारपेठ मेक्सिकन चित्रपटाला मोकळी मिळाली. १९४२ साली खास चित्रपटांना कर्ज देणारी बँक निघाली, १९४५ साली चुरुबुस्कोचा प्रचंड स्टुडिओ उभा राहिला. युद्ध संपल्यावर हॉलिवूड परत आलं आणि पैसा आखडला. मग चित्रपट भराभर काढायची पद्धत पडली, तीन-चार आठवड्यांत चित्रीकरण संपवायचं. चित्रपटांच्या दर्जाला त्याने मार बसला हे खरं. पण लहान मुलाच्या बाजूने बघ. काही आठवडे नवलाईचे, मग परत घर, आई, अंगण. मालिकेत हे ‘मग परत घर’ येतच नाही, निखिल. मला मालिकेची खरी भीती आहे ती इथे.

तुसिताचा ऐन भर एवढाच, १९४८ ते १९५० च्या आसपासचा. पुढे तिने आणखी काही कामं केली, पण लोकांच्या मनात राहिली ती याच दोन-तीन वर्षांतली. दात पडायला लागायच्या वयात तिची कारकीर्द कळसाला पोचून उतरणीला लागलीही होती. ऐकायला वाईट वाटतं. मला वाटत नाही. मुलं मोठी होतात, आणि चार वर्षांचं लाघव आठव्या वर्षी राहत नाही. ते राहावं म्हणून जे घर धडपडतं ते पोरीला मोठं होऊ देत नाही. चित्रपटवाल्यांना तर पुढची चिमुरडी मिळतेच. याच रोबेर्तोने १९६० साली ‘कापेरुसिता रोहा’ काढला, लांडग्याची आणि लाल टोपीवाल्या मुलीची गोष्ट, आणि त्यात मारिया ग्रासिया नावाची नवी मुलगी घराघरांत पोचली. तुसिता तेव्हा सोळा वर्षांची होती. कुणी तिचं काही हिरावून घेतलं नव्हतं. तिची जागा मुळात तेवढ्याच दिवसांची होती.

सगळ्यांचं असंच होतं असं मात्र नाही, तेही सांगते, नाहीतर मुग्धा म्हणेल आई सोयीचं तेवढंच सांगतात. एविता मुन्योस, ‘चाचिता’, ओरिसाबाची मुलगी. १९३६ चा जन्म. चार-पाच वर्षांची असताना कॅमेऱ्यासमोर आली आणि म्हातारी होईपर्यंत हटली नाही. चित्रपट, नाटक, टीव्ही, सगळं केलं. २०१६ साली गेली. इस्माएलच्याच ‘नोसोत्रोस लोस पोब्रेस’मध्ये ती इन्फान्तेची मुलगी आहे. १९४८ सालीच लागला तो, आणि मेक्सिकोत इतका पाहिला गेलेला चित्रपट क्वचितच दुसरा असेल. तिने आयुष्य यात आनंदाने घालवलं आणि मला तिच्याबद्दल आदर आहे. ईराच्या अंगात ते असेल तर ते बारा-चौदा वर्षांनीही दिसेल. तेव्हा ती स्वतः सांगेल आणि मी तिची बॅग भरून देईन.

पण त्या चित्रपटात चाचिताला किती रडवलंय! आई कोण ते ठाऊक नाही, बाप तुरुंगात, आजी आजारी, आणि मुलगी रडतेय. लोक थिएटरात हुंदके देत. त्याच वर्षी आलेल्या त्याच्या पुढच्या भागात तर तोरितो नावाचं लहानगं जळून मरतं आणि इन्फान्ते त्याला उराशी धरून वेड्यासारखा आक्रोश करतो. मेक्सिकोत हा प्रसंग अजून माणसांना पाठ आहे. अभिनय थोर आहे, मी नाकारत नाही. तरी बघताना मला प्रत्येक वेळी कॅमेऱ्यामागच्या त्या खऱ्या बाळाची काळजी वाटते. त्याला काय सांगितलं असेल? कुणी घेतलं असेल कडेवर, तो आरडाओरडा चालू असताना?

आणि मालिकेत ईराला काय करायला लावतील, विचारलंस का? मी रोज संध्याकाळी शेजारी वर्षाताईंकडे बसते तेव्हा तीन-चार मालिका कानावर पडतातच. लहान मूल असलं की ते हरवतं, पळवलं जातं, दवाखान्यात नळ्या लावून झोपतं, नाहीतर आई-बाबांच्या भांडणात मध्ये उभं राहून रडतं. दुसरं काम त्याला नसतं. ईराला अजून खरं-खोटं नीट वेगळं करता येत नाही. बादलीत थुंकायची गोष्ट तिने घरी आणली. दिवसभर मालिकेतल्या आईसाठी रडल्यावर ती घरी काय घेऊन येईल? तुसिताला पडद्यावर साप हाताळायला लावलं, पण तिच्या वाट्याला धिटाई आली आणि गंमत आली. माझ्या मते मुलाला काम देणाऱ्याची पारख यावरच करावी, की त्याला त्या मुलाचा आनंद वापरायचाय की त्याची भीती.

हे लिहिता लिहिता आपल्याकडची मंदाकिनी फाळके आठवली. तुझ्या बाबांनी मला ‘कालिया मर्दन’ दाखवायला नेलं होतं, फाळक्यांचा, १९१९ चा. चित्रपट सुरू होण्याआधी दादासाहेबांनी आपल्या या सात वर्षांच्या मुलीचा नुसता चेहरा दाखवलाय. ती वेगवेगळे भाव करून दाखवते, आणि मग बघता बघता त्या साध्या मुलीच्या जागी मुकुट घातलेला कृष्ण उभा राहतो. म्हणजे प्रेक्षकांना आधीच सांगून टाकलं की ही माझी मुलगी आहे, आता ती कृष्णाचं सोंग घेणार आहे. तुझे बाबा म्हणाले होते, बापाने मुलीचा मान राखलाय बघ. मेक्सिकोत त्याच वर्षी ‘एल आउतोमोविल ग्रीस’ गाजत होता, खऱ्या दरोडेखोरांच्या टोळीवरचा. दोन्ही देशांत चित्रपट आलाही जवळजवळ एकदमच. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या माणसांनी १८९६ च्या ७ जुलैला मुंबईत वॉटसन हॉटेलात चित्रपटाचा खेळ केला आणि ६ ऑगस्टला मेक्सिकोत चापुल्तेपेकच्या किल्ल्यात, खुद्द अध्यक्ष पोर्फिरिओ दियासपुढे. महिन्याचंही अंतर नाही. मला ही गोष्ट फार आवडते म्हणून लिहिली. तुझ्या प्रश्नाशी तिचा संबंध थोडाच.

तुसिताचं पुढे काय झालं ते मात्र नीट वाच.

तिच्या भोवतीची माणसं एकेक करून गेली. ‘लोस त्रेस उआस्तेकोस’ची नायिका ब्लांका एस्तेला पावोन १९४९ च्या सप्टेंबरात विमान अपघातात गेली, अवघी तेवीस वर्षांची. तुसिता तेव्हा पाच वर्षांची होती. इन्फान्ते १९५७ च्या १५ एप्रिलला मेरिदाला विमान कोसळून गेला. स्वतः वैमानिक होता तो. एकोणचाळीस वर्षांचा. मेक्सिको सिटीत त्याच्या अंत्ययात्रेला माणसांचा समुद्र लोटला आणि आजही दर १५ एप्रिलला त्याच्या थडग्यापाशी लोक जमून गाणी म्हणतात. तुसिता तेरा वर्षांची होती. त्या वयात तिला कळलं असेल की आपल्या लहानपणातला एक माणूस सगळ्या देशाचा आहे आणि आपल्याला त्याच्याबद्दल जन्मभर विचारत राहणार आहेत. तसंच झालं. मुलाखती घेणारे शेवटपर्यंत तिला पेद्रोबद्दल विचारत राहिले.

एखादी कडवट झाली असती. ही झाली नाही. ती उत्तरेला मॉन्तेरेई शहरात राहिली, तिथे संसार केला, आणि तिथल्या सांस्कृतिक कामात बुडून गेली. ती कथा सांगायची. लोकांसमोर उभं राहून, हातात पुस्तक न घेता, मुलांना आणि मोठ्यांनाही गोष्टी सांगायच्या, हे तिचं खरं आयुष्यभराचं काम झालं. मॉन्तेरेईच्या लोकांनी तिला गोष्टी सांगणारी बाई म्हणून प्रेम दिलं. त्यात कॅमेरा नाही, कट नाही, दुसऱ्याने लिहून दिलेलं वाक्य नाही. चार वर्षांची असताना जे तिच्याकडे नुसतं होतं, समोरच्याकडे न घाबरता बघणं, ते तिने मोठेपणी स्वतः कमावून वापरलं. मला तिची ही दुसरी कारकीर्द पहिलीपेक्षा मोठी वाटते. जगाला तसं वाटत नाही. २०१४ च्या ३१ ऑगस्टला सत्तराव्या वर्षी ती मॉन्तेरेईतच गेली, तेव्हा बातम्यांचे मथळे ‘ला तुसिता गेली’ असेच होते. साठेक वर्षांचं सगळं करणं-सवरणं एका बाजूला आणि चौथ्या वर्षीचं नाव एका बाजूला.

म्हणून सांगते, जे नाव लोक एकदा लावतात ते पुसायचं आपल्या हातात नसतं. तुसिताला जे चिकटलं ते धीट, हसऱ्या मुलीचं नाव होतं, त्याच्यासोबत जन्म काढता आला. दहावीच्या वर्गात ईराला कुणी मालिकेतल्या रडक्या पोरीच्या नावाने हाक मारली, तर तिने काय करायचं?

तू पैशांचं बोललास. फ्लॅटचा हप्ता आहे, मला माहीत आहे, आणि तू लोभी नाहीस हेही मी जाणते. तू म्हणालास की ते पैसे तिच्याच शिक्षणाला ठेवू. मग जॅकी कूगनचं ऐक. चॅप्लिनच्या १९२१ च्या ‘द किड’मधला तो पोरगा. लाखो डॉलर मिळवले त्याने, आणि सज्ञान होऊन हिशोब मागितला तर आई आणि सावत्र बापाने जवळजवळ सगळे उडवलेले. १९३८ साली त्याला सख्ख्या आईवर दावा लावावा लागला आणि हाती लागले सव्वा लाखाच्या आसपास डॉलर. त्यावरून १९३९ साली कॅलिफोर्नियात बालकलाकारांची कमाई राखणारा कायदा झाला. तो मुलगा त्या आईलाही लहानपणी लाडकाच असणार. घरात पैसा येऊ लागला की घराचा खर्च त्याच्या मापाने वाढतो आणि मग ते लेकरू कमावतं माणूस होतं. त्याला ताप आला तर आधी शूटिंग आठवतं आणि मग ताप. ईराच्या बाबतीत तुझ्या घरात ही वेळ येऊ नये.

आपल्याकडेही कायदा आहे आणि तू तो वाचलेला नाहीस असं तुझ्या बोलण्यावरून वाटलं. बालकामगार कायद्यात २०१६ साली दुरुस्ती झाली, २०१७ ला नियम आले. चौदा वर्षांखालच्या मुलाला चित्रपट, मालिका, जाहिरात यांत काम करता येतं, पण अटी आहेत. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त नाही आणि विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही. सलग सत्तावीस दिवसांपेक्षा जास्त काम नाही. निर्मात्याने जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी आधी काढायची. पाच मुलांमागे किमान एक जबाबदार माणूस नेमायचा. शाळा बुडता कामा नये. मुलाच्या मानधनातले किमान वीस टक्के राष्ट्रीयीकृत बँकेत मुलाच्या नावे मुदत ठेवीत, ते पैसे मूल सज्ञान झाल्यावरच मिळणार. आणि मुलाच्या इच्छेविरुद्ध काहीही नाही. वीस टक्के हा किमान आकडा आहे हे लक्षात ठेव. तिचं काम, तिचे पैसे. माझ्या मते शंभरातले शंभर तिच्या नावावर जायला हवेत, आणि जाहिरातीचे जे आले तेही. या आठवड्यात बँकेत जाऊन ये.

आता मालिकेचा दिवस तूच मला सांगितलास. सकाळी नऊला घोडबंदर रोडच्या सेटवर आणि रात्री नऊला पॅकअप. “पोरीचे सीन लवकर उरकतात,” असं ते म्हणाले. तुला कागदावर लिहून देतील का? पाच तासांत सोडतील? आणि वाटेतले दोन-दोन तास कुठल्या हिशोबात धरायचे? मुग्धा नोकरी सोडायचं म्हणाली ते ऐकून तर माझ्या पोटात गोळा आला. तिने इतक्या कष्टाने उभी केलेली नोकरी ईराच्या मालिकेसाठी सोडली तर त्या नोकरीचं ओझं उद्या ईराच्या डोक्यावर येईल. “तुझ्यासाठी मी सगळं सोडलं,” हे मुग्धा कधी बोलणार नाही, पण लेकरांना न बोललेलंही कळतं.

मी कुणाची हौस मारायला बसलेली नाही. पोर गोड आहे, बोलते छान, कॅमेऱ्याला बुजत नाही. तिला नाटकाच्या शिबिरात घाल, गोष्टी सांगू दे, सोसायटीच्या गणपतीत नाचू दे. त्या विद्यार्थी-चित्रपटाचं जे कुणीतरी विचारलं होतं, दिवाळीच्या सुट्टीतलं, त्यांना मी स्वतः भेटायला तयार आहे. पटकथा आधी वाचायला मागू. तिला रडायला लावणारा प्रसंग असेल तर कसा करून घेणार ते विचारू. सेटवर मी असेन, आणि ती “पुरे” म्हणाली की पुरे. हे आधी सांगून टाकू. जे यावर तोंड वाकडं करतील त्यांच्याकडे जायचंच नाही.

मालिकावाल्यांना तू नकार कसा कळवायचा या विचारात असशील. ‘घरच्यांना मान्य नाही’ असं सांग आणि माझं नाव पुढे कर, मला चालेल. पुढच्या आठवड्यात सही करायची म्हणत होतास ना, तेव्हा हे पत्र मिळाल्याबरोबर फोन कर त्यांना, ताटकळत ठेवू नकोस. त्यांनाही दुसरी मुलगी शोधायची असेल. मुग्धाशी मी रविवारी निवांत बोलेन, ती रागावली असली तरी.

ईराचा खोकला गेला का? तिला रात्री हळदीचं दूध देत जा.

तुझी,
आई